बनावट देहांच्या काळात: फिल्टर, डीपफेक आणि आपला चेहरा यांबाबत काय करावे

२०२५ च्या जुलै महिन्यात आसाममधील दिब्रुगड पोलिसांनी एका तरुण अभियंत्याला अटक केली. इन्स्टाग्रामवर सुमारे १४ लाख लोक ज्या तरुणीला पाहत होते, तिचे खाते तो चालवत होता आणि ती तरुणी मुळात कुठेच नव्हती. पूर्वी ओळख असलेल्या एका स्त्रीचे छायाचित्र घेऊन, त्यावर कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साधनांनी नवा देह, नवे कपडे आणि नवे हावभाव चढवून त्याने ती घडवली होती आणि पुढे पैसे भरणाऱ्यांना त्याच चेहऱ्याची अश्लील चित्रे पुरवण्यापर्यंत त्याची मजल गेली होती. जिचा तो चेहरा होता, त्या विवाहित स्त्रीला हे कळले तोवर ती चित्रे लाखो फोनांवर पोहोचली होती.

या एकाच प्रकरणात प्रौढांचे मनोरंजन आणि सौंदर्याच्या कल्पना हे दोन्ही विषय येऊन मिळाले आहेत. कामुक करमणुकीसाठी देह आता चित्रित करावा लागत नाही, तो तयार करता येतो. आणि तयार करताना तो ठरावीक साच्यातलाच निघतो, त्यामुळे सुंदर कशाला म्हणायचे याचे मापही हळूहळू त्या साच्याकडे सरकते. असे चित्र समोर आले की आपण सवयीने विचारतो, ‘हे खरे आहे का?’ माझ्या मते त्याआधी विचारायचा प्रश्न वेगळा आहे: हे कोणाच्या संमतीने आणि कशासाठी बनवले आहे? पुढील सर्व सूचना याच प्रश्नाला धरून आहेत. त्या प्रौढ वाचकांसाठी, विशेषतः घरात किशोरवयीन मुले असलेल्या पालकांसाठी लिहिल्या आहेत.

चित्र कसे तयार होते, हे आधी समजून घ्या

संगणकाला खोटे पण पटण्याजोगे चेहरे काढायला शिकवण्याची एक प्रभावी पद्धत २०१४ मध्ये इयान गुडफेलो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मांडली. एक प्रणाली चित्र काढते, दुसरी ते खरे की खोटे हे ओळखण्याचा प्रयत्न करते आणि या चढाओढीत पहिली अधिकाधिक तरबेज होत जाते. २०१७ च्या अखेरीस रेडिट या संकेतस्थळावर एका निनावी व्यक्तीने प्रसिद्ध अभिनेत्रींचे चेहरे अश्लील चित्रफितींवर बसवून टाकायला सुरुवात केली. त्या व्यक्तीने घेतलेल्या टोपणनावावरूनच ‘डीपफेक’ हा शब्द जगभर रूढ झाला. २०१८ च्या फेब्रुवारीत रेडिटने अशा चित्रफितींचा विभाग बंद केला, पण तोपर्यंत तंत्र बाहेर पडले होते. २०१९ मध्ये डीपट्रेस या संस्थेने आंतरजालावर १४,६७८ डीपफेक चित्रफिती मोजल्या आणि त्यांतील ९६ टक्के चित्रफिती संमतीविना बनवलेल्या अश्लील चित्रफिती होत्या. निवडणुका, नेते आणि खोटी भाषणे यांची चर्चा पुष्कळ झाली. हे तंत्र प्रत्यक्षात वापरले गेले ते मुख्यतः स्त्रियांच्या देहावर.

त्या काळी चेहरा बसवण्यासाठी एका व्यक्तीची शेकडो छायाचित्रे आणि महागडा संगणक लागत असे. २०२२ च्या ऑगस्टमध्ये स्टेबल डिफ्यूजन ही चित्रे तयार करणारी प्रणाली सर्वांसाठी खुली झाली आणि त्यानंतर एखाददुसऱ्या छायाचित्रावर काम भागू लागले. म्हणून ‘मी काही प्रसिद्ध नाही, माझे फोटो कोण घेणार’ हा दिलासा आता उपयोगाचा नाही. व्हॉट्सअ‍ॅपचा डीपी, लग्नाच्या अल्बममधला एक चेहरा किंवा महाविद्यालयाच्या स्नेहसंमेलनातील गटचित्र एवढी सामग्री पुरेशी असते.

या प्रणाली आंतरजालावर आधीपासून असलेल्या असंख्य चित्रांवरून शिकतात आणि तिथे जाहिराती, मॉडेलिंग आणि अश्लील चित्रे यांचे प्रमाण मोठे आहे. साहजिकच ‘सुंदर स्त्री’ एवढेच सांगितले तरी तरुण, गोरी, बारीक कमरेची, डाग आणि सुरकुती नसलेली आकृती समोर येते. २०१७ मध्ये फेसअ‍ॅप या अ‍ॅपने चेहरा आकर्षक करून दाखवणारे फिल्टर आणले, तेव्हा ते सावळ्या लोकांचा रंग उजळवत होते. टीका झाल्यावर कंपनीच्या प्रमुखांनी माफी मागितली आणि शिकवण्यासाठी वापरलेल्या चित्रांमधला एकांगीपणा त्याला कारण असल्याचे मान्य केले. ‘गोरी, सडपातळ वधू पाहिजे’ अशा जाहिरातींवर पिढ्या पोसलेल्या आपल्या समाजात हा जुनाच आग्रह यंत्राच्या तोंडून नव्याने ऐकू येतो आणि यंत्राने काढलेले म्हणून ते तटस्थ आहे असे वाटू लागते, याची मला अधिक काळजी वाटते.

फिल्टरचीही अशीच वाटचाल झाली आहे. २०१५ मध्ये स्नॅपचॅटने लेन्स आणल्या, तेव्हा चेहऱ्यावर बिंदूंची एक जाळी बसवून तिच्यावर कुत्र्याचे कान किंवा गालांवरची लाली चिकटवली जात असे. चेहऱ्यापुढून हात फिरवला की ते चित्र हलायचे आणि लबाडी उघड व्हायची. २०२३ मध्ये टिकटॉकवर आलेल्या ‘बोल्ड ग्लॅमर’ या फिल्टरने प्रत्येक क्षणाची चौकट नव्याने रंगवायला सुरुवात केली. हात फिरवला तरी तो फिल्टर हलत नसे. चालू चित्रफितीतील चेहरा निखळ असतो, ही आपली समजूत तिथेच संपली.

स्वतःच्या फोनवर तपासून पाहा

सर्वप्रथम फोनच्या कॅमेऱ्यात जाऊन ‘ब्यूटी’, ‘फेस रिटच’ किंवा अशाच नावाची सोय शोधा आणि ती बंद करा. अनेक फोनांत, विशेषतः पुढच्या कॅमेऱ्यासाठी, ती मुळातच चालू असते, त्यामुळे फिल्टर न लावताही आपला चेहरा थोडासा घासूनपुसून दिसतो. झूम आणि व्हॉट्सअ‍ॅपच्या व्हिडिओ कॉलमध्येही चेहरा नितळ दाखवण्याची सोय आहे. ती आठवडाभर बंद ठेवा. पहिले दोन दिवस स्वतःचा चेहरा थकलेला वाटेल, कारण डोळ्यांना बदललेल्या रूपाची सवय झालेली असते.

त्यानंतर एक साधा प्रयोग करा. चेहऱ्यापासून सुमारे ३० सेंटिमीटरवर फोन धरून एक सेल्फी काढा. मग तोच फोन दीड मीटर अंतरावर ठेवून, किंवा कोणाच्या तरी हाती देऊन, दुसरा फोटो काढा आणि दोन्हींतील चेहरा सारख्याच आकाराचा होईल असे मोठे करून शेजारी ठेवा. पहिल्या चित्रात नाक रुंद दिसेल, कान मागे गेलेले दिसतील, कपाळ पुढे आलेले वाटेल. २०१८ मध्ये अमेरिकेतील वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या एका गणिती अभ्यासानुसार ३० सेंटिमीटरवरून काढलेल्या सेल्फीत नाकाचा पाया दीड मीटरवरून काढलेल्या चित्रापेक्षा सुमारे ३० टक्के रुंद दिसतो. नाकाची शस्त्रक्रिया करून घेण्याची इच्छा सेल्फी पाहून निर्माण झाली असेल, तर ती इच्छा भिंगाच्या अंतरातून आलेली असू शकते. हा प्रयोग घरातील मुलीला किंवा मुलाला नुसता सांगू नका, करून दाखवा. एका दुपारचे काम आहे आणि कित्येक व्याख्यानांपेक्षा त्याचा उपयोग अधिक होतो.

दुसरी गोष्ट आरशाची. आपण स्वतःला आयुष्यभर आरशात, म्हणजे डावे-उजवे उलटलेले पाहतो. इतर माणसे आपल्याला सरळ पाहतात. १९७७ च्या एका प्रसिद्ध प्रयोगात लोकांना स्वतःचे उलटे चित्र अधिक आवडले, तर त्यांच्या मित्रांना सरळ चित्र. ‘फोटोत मी विचित्र दिसते’ या तक्रारीतला बराच भाग केवळ सवयीचा असतो.

लग्न जुळवण्याच्या निमित्ताने फोटो देताना फिल्टरविना, दिवसाच्या उजेडात, थोड्या अंतरावरून काढलेला एक फोटो आणि पूर्ण उभ्या अंगाचा एक फोटो द्यावा. रंग उजळवून दिलेला फोटो पाहून आलेले स्थळ समोरासमोर येताच नापसंती दाखवते, तेव्हा तो अपमान मुलीच्या वाट्याला येतो आणि फोटो उजळवणारा स्टुडिओ किंवा आग्रह धरणारे नातेवाईक त्यातून नामानिराळे राहतात. २०२० च्या जूनमध्ये टीकेनंतर शादी डॉट कॉमने त्वचेच्या रंगानुसार शोध घेण्याची सोय काढून टाकली. बायोडाटातील ‘वर्ण’ हा रकाना मात्र आजही अनेक घरांत भरला जातो. तो कोरा ठेवणे हा वधुवर आणि पालक या दोघांच्याही हातातला निर्णय आहे.

गोरे करणाऱ्या क्रीमबद्दल एवढेच सांगतो की ऑनलाइन किंवा ब्यूटी पार्लरमधून मिळणाऱ्या, घटकांची यादी नसलेल्या डब्या वापरू नका. अशा काही क्रीममध्ये पारा आणि तीव्र स्टिरॉइड आढळली आहेत आणि पाऱ्यामुळे मूत्रपिंडे बिघडल्याची प्रकरणे महाराष्ट्रात आणि केरळात डॉक्टरांनी नोंदवली आहेत.

काळजी कधी करावी? आरशासमोर किंवा कॅमेऱ्यासमोर दिवसातील बराच वेळ जाऊ लागला, एखाद्या अवयवातील दोष इतरांना दिसत नसूनही त्याचाच विचार सुटेना, फिल्टर नसेल तर व्हिडिओ कॉल टाळले जाऊ लागले किंवा फिल्टर लावलेला स्वतःचा फोटो दाखवून ‘मला असे करा’ म्हणून त्वचारोगतज्ज्ञांकडे किंवा प्लास्टिक सर्जनकडे जाण्याचा हट्ट सुरू झाला, तर आधी मानसोपचारतज्ज्ञांचा सल्ला घ्यावा. बोस्टनमधील डॉक्टरांनी २०१८ मध्येच या शेवटच्या प्रकाराकडे वैद्यकीय जगाचे लक्ष वेधले होते. अशा मनःस्थितीत केलेल्या शस्त्रक्रियेने समाधान होत नाही, लक्ष दुसऱ्या अवयवाकडे वळते. केंद्र सरकारची टेली-मानस ही मोफत सेवा १४४१६ या क्रमांकावर उपलब्ध आहे आणि तिथे मराठीतून बोलता येते.

प्रौढांच्या करमणुकीकडे पाहताना

हा विषय मराठीत उघडपणे लिहिला जात नाही, पण तो टाळला तर बाकीचे मार्गदर्शन अर्धवट राहील. या व्यवसायात गेल्या काही वर्षांत तीन बदल झाले आहेत. पहिला म्हणजे निर्माता कंपनीऐवजी स्वतः कलाकार ओन्लीफॅन्ससारख्या मंचांवरून थेट ग्राहकाला विकू लागले. दुसरा म्हणजे काय चालेल हे ठरवण्याचा मोठा अधिकार पैशांचे व्यवहार हाताळणाऱ्या कंपन्यांकडे गेला: २०२० च्या डिसेंबरमध्ये व्हिसा आणि मास्टरकार्ड यांनी व्यवहार थांबवल्यावर पॉर्नहबने ओळख न पटवलेल्या खात्यांच्या लाखो चित्रफिती हटवल्या, तर २०२१ च्या ऑगस्टमध्ये ओन्लीफॅन्सने बँकांचे कारण देऊन लैंगिक मजकुरावर बंदी जाहीर केली आणि आठवड्याच्या आत ती मागे घेतली. तिसरा बदल सध्या घडतो आहे. काही कलाकार स्वतःच्या चेहऱ्याची आणि आवाजाची कृत्रिम प्रतिकृती करारानिशी भाड्याने देतात, तर दुसरीकडे कोणीही नसलेल्या माणसांची संपूर्ण कृत्रिम चित्रे विकली जातात.

‘यात खरे माणूस नाही, म्हणजे कोणाचे शोषण नाही’ असा युक्तिवाद या शेवटच्या प्रकाराबद्दल केला जातो. मला तो पूर्ण पटत नाही. ती प्रणाली ज्या देहांवरून शिकली, ते देह खऱ्या माणसांचे होते आणि त्यांना कोणी विचारले नव्हते. डीपफेकमध्ये तर दोन व्यक्तींची फसवणूक होते: जिचा चेहरा चोरला ती, आणि जिच्या देहावर तो चिकटवला ती कलाकार. दुसरीची आठवण कोणी काढत नाही.

प्रौढ व्यक्तीने काय पाहावे हे मी सांगणार नाही. पाहणाऱ्याने मात्र तीन गोष्टी स्वतःशी तपासाव्यात. मजकूर टाकणाऱ्याची ओळख आणि वय पडताळले आहे का? ‘लीक’, ‘छुपा कॅमेरा’, ‘एमएमएस’, ‘शेजारीण’ अशा शीर्षकाने तो दिला असेल, तर तो संमतीविना आलेला असण्याची शक्यता मोठी आहे. तो उघडू नये. समोरच्या देहाची तुलना आपण आपल्या जोडीदाराशी किंवा स्वतःशी करू लागलो आहोत का? प्रकाशयोजना, संकलन, शस्त्रक्रिया, औषधे आणि आता संगणकाने भरलेली त्वचा या सगळ्यांतून तयार झालेल्या प्रतिमेशी घरातल्या माणसाची तुलना करणे हा त्या माणसावर अन्याय आहे आणि त्याचा परिणाम शयनगृहात मुकाट्याने भोगला जातो. तिसरी तपासणी व्यवहारातली: वय पडताळणीच्या नावाखाली अनोळखी संकेतस्थळाने आधार कार्डाचा फोटो मागितला तर देऊ नका. ब्रिटनमध्ये २५ जुलै २०२५ पासून वयाची पडताळणी कायद्याने बंधनकारक झाली आहे. त्याचा दाखला देऊन भारतातील ग्राहकांकडून कागदपत्रे उकळणाऱ्यांपासून सावध राहावे.

भारतीय कायद्याचा मुख्य रोख प्रसारणावर आहे. माहिती तंत्रज्ञान कायदा २००० च्या कलम ६७ आणि ६७अ नुसार अश्लील मजकूर प्रसिद्ध करणे आणि पाठवणे हा गुन्हा आहे. मित्रांच्या गटात आलेली चित्रफीत ‘फक्त फॉरवर्ड’ करणाराही पाठवणाराच ठरतो. त्यात अठरा वर्षांखालील व्यक्ती असेल, तर ती जवळ बाळगणेदेखील गंभीर गुन्हा आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ च्या सप्टेंबरमधील निकालात हे निःसंदिग्धपणे स्पष्ट केले आहे.

आपल्या चेहऱ्याचे बनावट चित्र फिरू लागले तर

असा प्रसंग आला की घरात सर्वात आधी ‘हा फोटो खरा आहे का?’ असा प्रश्न विचारला जातो. तो विचारू नका. चित्र खरे असले आणि विश्वासाने पाठवलेले बाहेर आले असले, तरी ते पसरवणाराच गुन्हेगार आहे. बनावट असले तरीही तोच गुन्हेगार आहे. या प्रश्नाने फक्त पीडित व्यक्तीला आरोपीच्या जागी बसवले जाते आणि पहिले काही तास, जे सर्वात मोलाचे असतात, स्पष्टीकरणे देण्यात जातात.

पैसे मागितले जात असतील तर एक रुपयाही देऊ नका. पहिली रक्कम दिली की मागणी वाढते, हा अनुभव अनोळखी व्हिडिओ कॉलवरून फसवणाऱ्यांच्या बाबतीत आहे, तसाच मोबाइलवरून कर्ज देणाऱ्या बेकायदा अ‍ॅपच्या वसुलीदारांच्या बाबतीतही आहे. पैसे आधीच गेले असतील तर सायबर फसवणुकीसाठीच्या १९३० या मदत क्रमांकावर ताबडतोब फोन करा, म्हणजे ती रक्कम बँकेत रोखता येण्याची शक्यता राहते.

रागाच्या भरात गप्पा पुसून टाकणे, खाते बंद करणे किंवा फोन रिसेट करणे ही साहजिक प्रतिक्रिया असते, पण त्याने पुरावा जातो. आधी नोंदी करा. प्रत्येक पोस्टचा पूर्ण दुवा लिहून ठेवा, कारण खात्याचे नाव बदलता येते आणि केवळ नावावरून पुढे माग लागत नाही. स्क्रीनशॉटमध्ये खात्याचे नाव, दुवा, दिनांक आणि वेळ दिसेल असे पाहा. व्हॉट्सअ‍ॅपच्या गटात आले असेल तर गट सोडण्यापूर्वी पाठवणाऱ्याचा क्रमांक आणि गटाची माहिती टिपून घ्या. एकदाच दिसणाऱ्या संदेशाचा स्क्रीनशॉट निघत नाही. त्यासाठी दुसऱ्या फोनने पडद्याचा फोटो घ्यावा. ज्या मूळ, साध्या छायाचित्रावरून बनावट चित्र केले असे वाटते, ते शोधून वेगळे ठेवा, कारण दोन्ही शेजारी ठेवली की बनावटपणा सहज दिसतो. हे सर्व काम शक्यतो पीडित व्यक्तीला करायला लावू नका. विश्वासातल्या एकाच माणसाने ते करावे आणि चित्रे आणखी कोणाला दाखवू नयेत.

इथे एक महत्त्वाचा अपवाद आहे. पीडित व्यक्ती अठरा वर्षांखालील असेल, तर चित्र स्वतःकडे साठवू नका आणि ‘पाहा हे काय आले आहे’ म्हणून शिक्षकांना किंवा नातेवाइकांना पाठवूही नका. फक्त दुवा, खाते, क्रमांक आणि वेळ यांची नोंद करून थेट पोलिसांकडे जा.

त्यानंतर चित्र उतरवण्याच्या मागे लागा. प्रत्येक मोठ्या समाजमाध्यम कंपनीला भारतात तक्रार निवारण अधिकारी नेमावा लागतो. माहिती तंत्रज्ञान नियम २०२१ मध्ये नग्नता किंवा लैंगिक कृती दाखवणाऱ्या चित्राबद्दल, तसेच फेरफार करून केलेल्या तोतयेगिरीच्या चित्राबद्दल, बाधित व्यक्तीने किंवा तिच्या वतीने कोणी तक्रार केल्यास २४ तासांच्या आत ते हटवण्याची तरतूद आली. या नियमांत वेळोवेळी दुरुस्त्या होत असतात, म्हणून तक्रारीच्या दिवशी लागू असलेली मुदत पाहून तिचाच उल्लेख करावा. अ‍ॅपमधील ‘रिपोर्ट’ हे बटण दाबावेच, पण त्यावर थांबू नये. अधिकाऱ्याला ई-मेल पाठवला तर लेखी पुरावा राहतो. मजकूर थोडक्यात असा असावा: ‘खालील दुव्यावरील चित्र माझ्या दिनांक अमुकच्या छायाचित्रातील चेहरा वापरून, माझ्या संमतीविना कृत्रिमरीत्या तयार केलेले असून ते मला नग्न स्वरूपात दाखवते. माहिती तंत्रज्ञान नियम २०२१ मधील नियम ३(२)(ब) नुसार ते तत्काळ हटवावे, तसेच संबंधित खात्याची माहिती पोलीस तपासासाठी जतन करावी.’ शेवटचे वाक्य विसरू नका. खाते उडवले गेले आणि नोंदीही गेल्या, तर गुन्हेगार सापडत नाही. कंपनीच्या उत्तराने समाधान झाले नाही, तर ३० दिवसांच्या आत केंद्र सरकारने नेमलेल्या तक्रार अपील समितीकडे ऑनलाइन अपील करता येते.

स्टॉप-एनसीआयआय ही ब्रिटनमधील संस्थेने २०२१ मध्ये सुरू केलेली मोफत सेवा प्रौढांसाठी अत्यंत उपयुक्त आहे. तिच्या संकेतस्थळावर चित्र निवडले की आपल्याच फोनवर त्याचा एक सांकेतिक ठसा तयार होतो. फक्त तो ठसा सहभागी कंपन्यांना पाठवला जातो, चित्र फोनबाहेर जात नाही. फेसबुक, इन्स्टाग्राम, टिकटॉक, रेडिट यांसारख्या सहभागी मंचांवर तेच चित्र पुन्हा कोणी टाकू लागला तर ते ओळखून अडवता येते. ज्या कंपन्या सहभागी नाहीत तिथे ही सेवा पोहोचत नाही, आणि व्हॉट्सअ‍ॅपच्या खासगी संदेशांतील चित्रे तिला दिसत नाहीत, हे लक्षात ठेवून इतर मार्गही चालू ठेवावेत. अठरा वर्षांखालील मुलांसाठी अमेरिकेतील हरवलेल्या आणि शोषित मुलांसाठीच्या राष्ट्रीय केंद्राची ‘टेक इट डाउन’ ही अशीच सेवा आहे. गुगलच्या शोधात आपले नाव टाकल्यावर अशी चित्रे दिसत असतील, तर ती शोधातून काढण्यासाठी गुगलचा वेगळा अर्ज आहे आणि तो बनावट चित्रांनाही लागू होतो.

पोलिसांकडे जाताना

राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर, म्हणजे सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन येथे, स्त्रिया आणि मुलांवरील गुन्ह्यांसाठी वेगळा विभाग आहे आणि त्यात निनावी तक्रारही करता येते. निनावी तक्रारीत मात्र पुढे आपल्याशी संपर्क साधता येत नाही, म्हणून नाव देण्याची तयारी असल्यास ते द्यावे. पोर्टलवर तक्रार केली म्हणजे गुन्हा दाखल झाला असे होत नाही. पोलीस ठाण्यात प्रथम माहिती अहवाल (एफआयआर) नोंदवला गेला पाहिजे.

ठाण्यात गेल्यावर पुष्कळदा ‘एनसी करून देतो’, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद करून देतो, असे ऐकायला मिळते. इथे नम्रपणे पण ठाम राहावे. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ७७ब नुसार तीन वर्षे किंवा त्याहून अधिक शिक्षेचे गुन्हे दखलपात्र आहेत, आणि ओळख चोरण्याचे कलम ६६क, अश्लील मजकुराचे कलम ६७ आणि ६७अ ही सर्व त्यांत मोडतात. भारतीय न्याय संहितेतील स्त्रीच्या विनयाचा अपमान करण्याचे कलम ७९ आणि बदनामीसाठी बनावट दस्तऐवज करण्याचे कलम ३३६(४) यांचाही उल्लेख करावा. पैसे मागितले असतील तर खंडणीचे कलम ३०८ जोडावे. घटना कुठे घडली हे सांगता येत नाही म्हणून परत पाठवले जात असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ नुसार हद्दीचा विचार न करता माहिती नोंदवून घ्यावी लागते, हे लक्षात आणून द्यावे. कलम ७९ खालील तक्रार पीडित स्त्री स्वतः देत असेल, तर ती महिला अधिकाऱ्याने नोंदवावी अशी तरतूद त्याच कलमात आहे. अहवालाची प्रत मोफत मिळते. ती घेतल्याशिवाय निघू नका. नोंदच केली नाही, तर लेखी तक्रार टपालाने पोलीस अधीक्षकांना आणि आयुक्तालय असलेल्या शहरात उपायुक्तांना पाठवावी; त्यानंतर दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.

माहिती तंत्रज्ञान कायद्याखालील तपास निरीक्षक किंवा त्यावरील दर्जाच्या अधिकाऱ्यानेच करायचा असतो, त्यामुळे ठाणे अंमलदाराशी बोलून झाल्यावर तपास कोणाकडे गेला हे विचारून नाव आणि क्रमांक लिहून घ्या. स्क्रीनशॉट न्यायालयात मांडताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र लागते. म्हणून ज्या फोनवर ते घेतले तो फोन विकू नका आणि दुरुस्तीला दिला तरी त्यातील माहिती पुसू देऊ नका.

घरातील मुलांशी बोलताना

२०२३ च्या सप्टेंबरमध्ये स्पेनमधील अल्मेंद्रालेहो या छोट्या गावात वीसहून अधिक शाळकरी मुलींची बनावट नग्न चित्रे फिरू लागली. ती बनवणारी आणि पसरवणारी मुले त्याच गावातली, त्याच वयाची होती. पुढे बाल न्यायालयाने १५ मुलांना एक वर्ष देखरेखीखाली ठेवण्याची शिक्षा दिली. दक्षिण कोरियात २०२४ मध्ये टेलिग्रामवर शाळा-महाविद्यालयांच्या नावाने चालणारे असे गट उघडकीस आल्यावर तिथल्या संसदेने अशी बनावट चित्रे जवळ बाळगणे आणि पाहणे हाही गुन्हा ठरवला. आपल्याकडे पालकांचे लक्ष बहुधा मुलींच्या फोनवर असते. मुलींना सावध करणे आवश्यक आहेच, तथापि संभाषणाची अधिक गरज मुलग्यांशी आहे, आणि ते वडिलांनी, काकांनी किंवा मामांनी करावे.

हे संभाषण लांबलचक असण्याची गरज नाही. वर्गातल्या मुलीचा फोटो अशा अ‍ॅपमध्ये घालणे ही गंमत नसून गुन्हा आहे, त्याने एखाद्या मुलीची शाळा सुटू शकते, आणि कोणी असे चित्र पाठवले तर ते पुढे न पाठवता घरी सांगायचे, एवढे स्पष्ट शब्दांत सांगावे. मुलगा स्वतः असे काही करून बसला असेल, तर त्याचा फोन घाईघाईने पुसून टाकून त्याला वाचवण्याचा प्रयत्न करू नये. वकिलांचा सल्ला घेऊन पुढे यावे, कारण पुरावा नष्ट केल्याने पालकही अडचणीत येतात आणि त्या मुलीला चित्रे कुठवर गेली हे कधीच कळत नाही.

मुलीला आधीच सांगून ठेवण्याचे वाक्य वेगळे आहे: ‘असे काही झाले तर तुझा फोन काढून घेणार नाही, तुझी शाळा बंद करणार नाही आणि तुला रागावणार नाही.’ कित्येक मुली महिनोन्‌महिने गप्प राहतात, त्यामागे बदनामीइतकीच घरच्या शिक्षेची भीती असते. हे वचन द्यायचे तर ते पाळावे लागेल, म्हणून आई-वडिलांनी ते आपापसात ठरवूनच द्यावे. मुलांसाठीचा मदत क्रमांक १०९८ आहे. तो मुलीच्या आणि मुलाच्या फोनमध्ये आजच साठवून ठेवावा आणि शाळेच्या पालकसभेत अशी तक्रार आल्यास शाळेत कोणाकडे जायचे, त्या शिक्षकाचे नाव विचारून घ्यावे.